अपील गैरहजेरीत निघालं? पुढचे तीस दिवस असे वापरा

'साहेब, अपील हरलो,' असं म्हणत लोक येतात. हातात रोजनाम्याची (कोर्टाच्या रोजच्या कामकाजाच्या नोंदीची) झेरॉक्स असते आणि तिच्यावर दोन ओळी: 'अपीलकार व त्यांचे वकील वारंवार पुकारूनही गैरहजर. अपील गैरहजेरीमुळे काढून टाकण्यात येते.' मी पहिल्यांदा एवढंच सांगतो की तुम्ही हरलेला नाहीत. तुमचं म्हणणं अजून कोणी ऐकलेलंच नाही. जे ऐकलंच नाही त्याच्यावर निकाल कसा लागेल? पण हे पुन्हा ऐकवायचा रस्ता अरुंद आहे आणि त्याच्यावर घड्याळ लावलेलं आहे. तो रस्ता कसा चालायचा, ते इथे क्रमाने लिहितो.

कायदा दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मध्ये आहे, आणि अपिलांपुरता आदेश ४१ मध्ये. संहितेतल्या नियमांच्या गटाला 'आदेश' म्हणतात; कोर्टाने दिलेला आदेश वेगळा. सुनावणीच्या दिवशी, किंवा सुनावणी ज्या दिवसावर ढकलली त्या दिवशी, पुकारा झाल्यावर अपीलकार हजर नसेल तर न्यायालय अपील काढून टाकू शकतं, असं नियम १७ चा पहिला पोटनियम सांगतो. 'टाकू शकतं' हे शब्द नीट वाचा. काढून टाकलंच पाहिजे अशी सक्ती नाही. न्यायाधीश पुढची तारीखही देऊ शकतात आणि बऱ्याचदा देतात. म्हणजे ज्या दिवशी अपील गेलं त्या दिवसाआधी दोन-चार तारखा बहुतेक रिकाम्या गेलेल्या असतात. हे मनात असू द्या, कारण पुढे समोरचे वकील त्यावरच बोट ठेवणार आहेत.

आधी आदेश वाचा, नंतर अर्जाचं बघू

अपील नेमकं कशामुळे गेलं हे कळल्याशिवाय कागदाला हात लावू नका. वरून सारखे दिसणारे आदेश आतून फार वेगळे असतात आणि प्रत्येकाचं औषध निराळं आहे.

अपील अजून दाखल करून घेण्याच्या टप्प्यावरच होतं, उत्तरवादीला (अपिलातल्या समोरच्या पक्षाला) नोटीसही निघाली नव्हती आणि तुम्ही आला नाहीत, तर तो आदेश नियम ११(२) खालचा. नोटीस निघून अंतिम सुनावणीला लागलेलं अपील गैरहजेरीत गेलं, तर नियम १७(१). या दोन्हींवर उपाय एकच: नियम १९ खाली अपील पुन्हा दाखल करून घेण्याचा अर्ज. कोर्टात सगळे त्याला रिस्टोरेशनचा अर्ज म्हणतात.

तिसरा प्रकार फसवा आहे. तुम्ही गैरहजर होता, पण न्यायाधीशांनी रेकॉर्ड वाचून, खालच्या कोर्टाचा निकाल बरोबर आहे असं लिहून अपील फेटाळलं. हे चालत नाही. १९७६ च्या दुरुस्तीने नियम १७(१) ला एक स्पष्टीकरण जोडलं गेलं, ते १ फेब्रुवारी १९७७ पासून लागू झालं, आणि ते सांगतं की या पोटनियमाने न्यायालयाला अपील गुणदोषांवर फेटाळण्याचा अधिकार मिळत नाही. अपीलकार नसेल तर अपील तहकूब करा किंवा गैरहजेरीपोटी काढून टाका, तिसरी वाट नाही. सर्वोच्च न्यायालयाने अब्दुर रहमान विरुद्ध अथिफा बेगम (१९९६), घनश्याम दास गुप्ता विरुद्ध मखन लाल (२०१२) आणि अगदी अलीकडे बेनी डिसूझा विरुद्ध मेल्विन डिसूझा (२०२३) या प्रकरणांत हे पुन्हा पुन्हा सांगितलं आहे. असा निकाल जिल्हा न्यायालयाचा असेल तर कलम १०० खाली उच्च न्यायालयात दुसरं अपील करून नेमका हा मुद्दा घ्यावा लागतो. त्याची मुदत नव्वद दिवसांची.

हा फरक एवढा का महत्त्वाचा? गैरहजेरीत काढून टाकल्याचा आदेश हा 'हुकूमनामा' (वादाचा निवाडा करणारी डिक्री) नाही, असं कलम २(२) मध्येच लिहिलेलं आहे. त्यामुळे त्याच्यावर दुसरं अपील होत नाही. लोक चुकीच्या दारावर सहा महिने घालवतात आणि मग योग्य दारावर आले की मुदत संपलेली असते.

आणखी एक शक्यता तपासा. तारखेआधीच अपीलकार मयत झालेला असेल तर प्रश्न गैरहजेरीचा नाहीच, वारस लावण्याचा आहे. त्याला आदेश २२ लागतो: वारस रेकॉर्डवर आणायला नव्वद दिवस, आणि तेवढ्यात न आणल्याने अपील उपशमित झालं, म्हणजे आपोआप संपलं, तर ते उपशमन रद्द करून घ्यायला पुढचे साठ दिवस.

दिवस मोजणे

मुदत कायदा, १९६३ च्या परिशिष्टातला अनुच्छेद १२२: गैरहजेरीत काढलेलं अपील पुन्हा घेण्यासाठी तीस दिवस, काढून टाकल्याच्या तारखेपासून. तुम्हाला कळल्याच्या तारखेपासून नाही. आदेश १० जूनला झाला असेल तर तो दिवस सोडायचा, ११ जून हा पहिला दिवस आणि १० जुलै हा तिसावा. तिसाव्या दिवशी कोर्ट बंद असेल तर कोर्ट उघडेल त्या दिवशी अर्ज चालतो. उन्हाळी सुट्टीत अडकलेल्यांना याचा आधार मिळतो.

इथे एक खड्डा आहे, आणि त्यात चांगले चांगले पडलेले मी पाहिले आहेत. अपील करताना निकालाची सही-शिक्क्याची नक्कल मिळायला लागलेले दिवस मुदतीतून वजा होतात. ती सवय डोक्यात बसलेली असते. रिस्टोरेशनच्या अर्जाला ती सवलत मिळते असं धरून चालू नका. कलम १२ मध्ये अपील, पुनर्विलोकन, पुनरीक्षण यांचा उल्लेख आहे, या अर्जाचा नाही. नक्कल विभागात अर्ज जरूर टाका, पण नक्कल येईपर्यंत थांबू नका. रोजनाम्याची साधी प्रत किंवा ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावरची प्रत जोडून अर्ज दाखल करा आणि नक्कल मिळाली की पर्सिस (कोर्टाला द्यायचं छोटं लेखी निवेदन) देऊन हजर करा.

आदेश ज्या दिवशी झाला त्याच दिवशी कळलं तर? कोर्ट उठायच्या आत जा. वकिलांना घेऊन उभे राहा, उशीर का झाला ते सांगा आणि लगेच लेखी अर्ज द्या. सकाळी पुकारलेल्या अपिलाचा माणूस दुपारी धावत आला तर त्याच्याकडे बघण्याची न्यायाधीशांची नजरच वेगळी असते. तीस दिवस आहेत म्हणून एकोणतिसाव्या दिवसाची वाट पाहण्यात शहाणपण नाही.

अर्जाचा जीव: त्या एका दिवसाचं कारण

नियम १९ ची मागणी एकच आहे. पुकारा झाला तेव्हा हजर राहण्यापासून तुम्हाला पुरेशा कारणाने रोखलं होतं, हे सिद्ध करा. ते सिद्ध झालं तर न्यायालयाने अपील पुन्हा घ्यायचं आहे. खर्चाच्या किंवा इतर अटी घालता येतात. म्हणजे प्रश्न तुमचं अपील किती भक्कम आहे हा नाही. जमीन वडिलोपार्जित आहे का, खालच्या कोर्टाने कैफियत (दाव्याला दिलेलं लेखी उत्तर) नीट वाचली का, यावर पानं भरू नका. त्या दिवशी, त्या वेळी तुम्ही कुठे होता आणि का, याचं उत्तर द्या.

जी. पी. श्रीवास्तव विरुद्ध आर. के. रायझादा (२०००) मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं आहे की पुरेसं कारण ज्या तारखेच्या गैरहजेरीमुळे आदेश झाला त्या तारखेपुरतं पाहायचं, मागच्या तारखांपर्यंत ताणायचं नाही. ते प्रकरण दाव्यातल्या एकतर्फी हुकूमनाम्याचं होतं, पण 'पुरेसं कारण' हे शब्द दोन्हीकडे तेच आहेत. आधीच्या तारखांवर बोट ठेवलं गेलं की याचा उपयोग होतो.

कारण आणि पुरावा यांची जोडी लावा. आजारपण असेल तर नुसतं 'आजारी होते' असं एका ओळीचं प्रमाणपत्र फार लटकं पडतं. त्याच तारखेचा केसपेपर, औषधाची चिठ्ठी, औषधाच्या दुकानाची पावती, दाखल असाल तर डिस्चार्ज कार्ड जोडा. गाडी बंद पडली तर तिकीट आणि गॅरेजची पावती. घरात मृत्यू झाला तर मृत्यू दाखला. तारीख चुकीची नोंदवली गेली तर वकिलांच्या डायरीच्या त्या पानाची प्रत, शक्यतो दोन पानं, म्हणजे चुकीच्या तारखेला तुमचं प्रकरण खरंच लिहिलेलं दिसेल. अपील दुसऱ्या न्यायाधीशांकडे वर्ग झालं आणि कोणी कळवलं नाही, तर वर्ग केल्याचा आदेश आणि रोजनाम्यात तुम्हाला नोटीस गेल्याची नोंद नसणं, हे दोन्ही दाखवा. ही जोडी फार मजबूत असते.

खोटं प्रमाणपत्र आणू नका. समोरचे वकील डॉक्टरांची उलटतपासणी मागू शकतात, आणि शपथेवर खोटं लिहिणं हा गुन्हा आहे. खरं कारण कच्चं असलं तरी त्याच्यावर खर्च भरून अपील परत मिळतं. खोटं पकडलं गेलं की अपीलही जातं आणि तुमच्या प्रत्येक पुढच्या शब्दावरचा विश्वासही.

चूक वकिलांची असेल तर? हा प्रश्न अवघड आहे, कारण तोच वकील बहुतेक वेळा अर्ज लिहीत असतो आणि त्याला स्वतःचं नाव त्यात यायला नको असतं. मी स्वतः वकील असून सांगतो: अशा वेळी वकिलांनी स्वतःचं प्रतिज्ञापत्र दिलं पाहिजे. 'माझ्या डायरीत तारीख चुकली' हे लिहायला पाच मिनिटं लागतात आणि त्यातून एखाद्याचं घर वाचतं. रफिक विरुद्ध मुन्शीलाल (१९८१) हे प्रकरण याच गोष्टीचं होतं. वकील आले नाहीत म्हणून अपील गेलं आणि सर्वोच्च न्यायालयाने ते परत दिलं. गावाकडचा माणूस वकील नेमतो, फी देतो, माहिती देतो. त्यानंतर वकील कोर्टात जातो की नाही यावर त्याने पहारा ठेवावा अशी अपेक्षा करता येत नाही, असं तिथे म्हटलं आहे. मात्र हा निकाल म्हणजे सगळी कुलपं उघडणारी किल्ली नाही. सलील दत्ता प्रकरणात (१९९३) त्याच न्यायालयाने सांगितलं की वकिलावर ढकललं की सुटका, असा सरसकट नियम नाही. शहरात राहणारी, कागदपत्रं सांभाळणारी, कोर्टाची सवय असलेली कंपनी आणि तालुक्याला एसटीने येणारी विधवा यांना एक माप लागत नाही. तुमची परिस्थिती अर्जात नीट लिहा.

वकिलांचा संप हे कारण मात्र टेकू देत नाही. रामॉन सर्व्हिसेस (२००१) आणि हरीश उप्पल (२००३) या निकालांनंतर त्याच्यावर भिस्त ठेवू नये.

अर्ज कसा लिहायचा

अर्ज त्याच न्यायालयात द्यायचा, ज्याने अपील काढून टाकलं. जिल्हा न्यायालयात तो किरकोळ दिवाणी अर्ज म्हणून नोंदवला जातो. मथळ्यात मूळ अपिलाचा क्रमांक, पक्षकार अपिलातल्या क्रमानेच, आणि खाली 'दिवाणी प्रक्रिया संहिता, आदेश ४१ नियम १९ अन्वये अर्ज'. मजकूर दोन-तीन पानांपलीकडे जाऊ देऊ नका. गाभ्याचा परिच्छेद साधारण असा असावा:

'सदर अपील दिनांक … रोजी अंतिम सुनावणीस नेमलेले होते. अर्जदारास दिनांक … रोजी रात्री छातीत दुखू लागल्याने … येथील रुग्णालयात दाखल करण्यात आले व दिनांक … रोजी घरी सोडण्यात आले. त्यामुळे अर्जदार सुनावणीच्या दिवशी हजर राहू शकला नाही व वकिलांनाही वेळेत कळवू शकला नाही. सदर गैरहजेरी हेतुपुरस्सर नव्हती. रुग्णालयाचे कागद यादीसोबत जोडले आहेत.'

त्यानंतर विनंती: अपील काढून टाकल्याचा आदेश रद्द करून अपील मूळ क्रमांकावर पुन्हा दाखल करून घ्यावे. प्रतिज्ञापत्र, कागदांची यादी, वकालतनामा आणि समोरच्यांसाठी प्रती जोडा. 'अपरिहार्य कारणामुळे' एवढंच लिहिलेले अर्ज मी ढिगाने पाहिले आहेत. ते कारण नाही, ते कारणाच्या जागी ठेवलेलं झाकण आहे.

तीस दिवस उलटून गेले असतील तर मुदत कायद्याच्या कलम ५ खाली विलंब माफीचा अर्ज सोबतच द्या. इथे दोन वेगळ्या गोष्टींचं उत्तर द्यायचं असतं आणि लोक त्या एकत्र कालवतात. गैरहजेरीचं कारण वेगळं, उशिराचं कारण वेगळं. १० जूनला का आला नाहीत हे सांगून झालं, पण १० जुलैनंतरचे चाळीस दिवस काय करत होता? आदेश कधी कळला, कोणाकडून कळला, कळल्यावर काय केलं, हे तारखांनिशी लिहा. कलेक्टर, अनंतनाग विरुद्ध कातिजी (१९८७) या निकालाने न्यायालयांना उदार दृष्टी ठेवायला सांगितलं आहे. प्रत्येक दिवसाचा हिशेब मागण्याचा अर्थ किस काढणं असा नाही. पण उदारपणासाठी काहीतरी हातात द्यावं लागतं.

स्थगिती: सगळ्यात तातडीची गोष्ट

हे मधेच लिहितो आहे, पण प्रत्यक्षात पहिल्याच दिवशी करायचं काम आहे. अपील गेलं की त्या अपिलात मिळालेली स्थगितीही गेली. खालच्या कोर्टात दरखास्त (निकालाच्या अंमलबजावणीचा अर्ज) पडून असेल तर ती जागी होते. ताब्याचं वॉरंट निघू शकतं आणि बेलिफ दारात आल्यावर तुमचा नियम १९ चा अर्ज प्रलंबित आहे एवढं सांगून भागत नाही. म्हणून रिस्टोरेशनच्या अर्जासोबतच अंमलबजावणी थांबवण्याचा स्वतंत्र अर्ज द्या, संहितेच्या कलम १५१ चा (न्यायालयाच्या अंगभूत अधिकारांचा) उल्लेख करा, आणि दरखास्तीची पुढची तारीख कोणती ते त्यात लिहा. अपील परत मिळालं की जुनी स्थगिती आपोआप परत आली असं गृहीत न धरता, आदेशातच तसं लिहून मागा.

अर्ज चालतो कसा

न्यायालय उत्तरवादीला नोटीस काढतं. ते म्हणणं देतात. बहुतेक वेळा प्रतिज्ञापत्रांवरच युक्तिवाद होतो, पण कारणाला जोरदार हरकत आली तर साक्षीपुरावा घ्यावा लागतो, कारण नियमातच 'सिद्ध' करायला सांगितलं आहे. साक्षीला उभं राहायची तयारी ठेवा.

आणि या अर्जाच्या प्रत्येक तारखेला जा. रिस्टोरेशनचा अर्जच गैरहजेरीत गेला, अशी प्रकरणं दुर्मिळ नाहीत. त्यानंतर कोणतंही कारण सांगितलं तरी ते ऐकायला कोणाचे कान फारसे राजी नसतात.

अर्ज मंजूर होताना खर्च भरण्याची अट घातली जाते. रक्कम आणि मुदत दोन्ही आदेशातून लिहून घ्या. समोरचे वकील रक्कम स्वीकारत नसतील तर वाद घालत बसू नका, परवानगी घेऊन कोर्टात जमा करा आणि पावती रेकॉर्डवर ठेवा. मुदत चुकली तर मिळालेलं अपील हातातून परत जाऊ शकतं.

अर्ज नामंजूर झाला तर आदेश ४३ नियम १ च्या खंड 'टी' खाली त्या नकारावर अपील करता येतं. 'टी' हे इंग्रजी प्रतीतलं अक्षर आहे. जिल्हा न्यायालयाने नाकारलं तर उच्च न्यायालयात, नव्वद दिवसांत. इथे नक्कल काढायचे दिवस वजा होतात. या अपिलावर पुढे आणखी अपील नाही, कलम १०४(२) ने ते बंद केलं आहे. त्यामुळे कागद पहिल्या फेरीतच पूर्ण असले पाहिजेत.

तुम्ही उत्तरवादी असाल तर

अपीलकार हजर आणि तुम्ही गैरहजर, तर नियम १७(२) प्रमाणे अपील एकतर्फी ऐकलं जातं. ऐकलं जातं म्हणजे मंजूर होतंच असं नाही, न्यायाधीशांना रेकॉर्ड पाहूनच निकाल द्यावा लागतो. निकाल विरोधात गेला तर नियम २१ खाली फेरसुनावणीचा अर्ज करता येतो. नोटीस नीट बजावली गेली नव्हती, किंवा पुरेशा कारणामुळे येता आलं नाही, यांपैकी एक दाखवायचं. मुदत कायद्याच्या अनुच्छेद १२३ प्रमाणे मुदत तीस दिवस. नोटीस बजावलीच नसेल तर ती निकाल कळल्यापासून मोजतात. अपीलकाराला नसलेली ही सवलत तुम्हाला आहे. शिवाय एकतर्फी अपिली हुकूमनाम्यावरही कलम १०० खाली दुसरं अपील होऊ शकतं.

तुम्ही प्रतिआक्षेप (खालच्या निकालाच्या तुमच्याविरुद्धच्या भागावरच्या हरकती) दाखल केले असतील तर समोरच्याचं अपील गैरहजेरीत गेलं तरी ते मरत नाहीत. आदेश ४१ नियम २२(४) प्रमाणे ते स्वतंत्रपणे चालवून घेता येतात, तसं लगेच कोर्टाला सांगा.

आणि समोरच्याने रिस्टोरेशनचा अर्ज केला तर? वर्षानुवर्षं तारखा बुडवणाऱ्याला जरूर विरोध करा. पण एकच तारीख चुकलेली असेल, कारण खरं दिसत असेल, तर माझा सल्ला पुष्कळांना पटत नाही, तरी देतो: 'योग्य खर्च आणि लवकरची सुनावणी या अटींवर हरकत नाही' अशी पर्सिस द्या. अर्जाला विरोध करण्यात आणि त्याच्यावरच्या अपिलात जी वर्षं जातात, तेवढ्यात मूळ अपील कायमचं संपून तुमच्या हातात पक्का निकाल येऊ शकतो.

पुढची तारीख चुकू नये म्हणून

तुमच्या प्रकरणाचा सोळा अक्षरी-अंकी सीएनआर क्रमांक वकिलांकडून लिहून घ्या. ई-कोर्ट्सच्या ॲपमध्ये तो टाकला की पुढची तारीख आणि न्यायालय दिसतं. दाखल करताना स्वतःचा मोबाइल नंबर द्या, नुसता वकिलांचा नको. तारखेच्या आदल्या संध्याकाळी स्वतः बोर्ड (त्या दिवशीच्या प्रकरणांची यादी) बघा. पत्ता बदलला तर कोर्टातही कळवा. वकील बदलायचे असतील तर जुन्यांची ना-हरकत आणि नव्यांचा वकालतनामा यांच्यात एकही तारीख मोकळी पडू देऊ नका, कारण अपिलं याच फटीत पडलेली मी सर्वाधिक पाहिली आहेत. वकिलाची फी परवडत नसेल तर तालुक्याच्या विधी सेवा समितीकडे अर्ज करा. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्ती, दिव्यांग, कोठडीत असलेले लोक यांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो, आणि रिस्टोरेशनच्या अर्जासाठीही तो मागता येतो.